आवरलेली खोली

साहेब येणार असेल तर घर आवरून ठेवायचं, हे तांबट आळीतलं मूल बोलायला लागायच्या आधीच शिकतं. मग तो साहेब जनगणनेचा असो, बँकेचा असो, की मुलगी बघायला आलेला नवरामुलगा असो. त्यामुळे हवेतल्या विजेची कंपनी घरोघर मोजणीला माणूस पाठवणार असं कळलं, तेव्हा शर्वरी वडकेने पदर खोचला आणि सगळ्यात आधी नवऱ्याचं तांबं झोपायच्या खोलीतून बाहेर काढलं.

तांबं म्हणजे थोडंथोडकं नव्हे. तिचा नवरा हेरंब मठारकाम करायचा. म्हणजे तांब्याचा पत्रा हातोडीने ठोकून त्याला घाट द्यायचा आणि त्यावर एकसारख्या ठोक्यांची चमकती नक्षी उमटवायची. ठोकाठोक चालायची पुढच्या पडवीत. पण कोरे पत्रे आणि तयार माल मात्र आतल्या खोलीत, खाटेच्या बाजूच्या भिंतीला टेकवून ठेवलेला असायचा. देवळोलीच्या तांबट आळीची ही जुनी रीत होती. गिऱ्हाइकाचं तांबं कारागिराच्या उशाशी निजतं. जो तांबट परक्याचा माल पडवीत टाकून स्वतः आत घोरतो, त्याच्यावर दुसऱ्यांदा विश्वास कोण ठेवणार?

आता हे सगळं ठेवायचं कुठे? शेजारच्या जयवंत पोटफोड्याच्या घरी. आणि मोजणीवाली बाई पोटफोड्यांकडे गेली की त्यांचं आणि वडक्यांचं, दोन्ही घरांचं तांबं वडक्यांच्या पडवीत. अख्ख्या आळीत त्या सकाळी हाच उद्योग चालला होता. एरवी नळाच्या पाण्यावरून एकमेकांचे पूर्वज उद्धरणारी माणसं सख्ख्या भावंडांसारखी पत्रे इकडून तिकडे वाहत होती. कोणाच्या मनात काही काळंबेरं होतं असं नाही. पाहुण्यासमोर पसारा नको, एवढंच.

मोजणीला आली ती मिथिला ठोसर नावाची तरुण इंजिनिअर. तिच्या हातात मुठीएवढा गोळा बसवलेली एक दांडी होती आणि दांडीच्या खालच्या टोकाला आकडे दाखवणारी काचपट्टी. पडवीत तिने दांडी फिरवली, स्वयंपाकघरात फिरवली. आतल्या खोलीत मात्र ती बराच वेळ थांबली, कारण खरा प्रश्न तिथेच होता.

हेरंबच्या छातीत पेसमेकर होता. त्याच्या हृदयाला स्वतःचे ठोके विसरायची खोड होती. चालता चालता ते मध्येच थांबायचं, आणि त्या क्षणी पेसमेकर त्याला हळूच विजेची टिचकी मारायचा. यंत्र मोठं समंजस. हृदय आपलं आपण चालत असेल तर ते गप्प बसायचं आणि फक्त ऐकत राहायचं. ठोका आला नाही तरच टिचकी.

"मॅडम, एक विचारू का?" हेरंब म्हणाला. "तारेतली वीज मला समजते. हात लावला की समजते. पण हवेत ती राहते कुठे?"

मिथिला हसली. "हवेत वीज साठलेली नसते, काका. हवेतून लहर जाते. नाक्यावर आम्ही खांब उभा केलाय ना, तो ही लहर सोडतो. तुमच्या भिंतीवरची झेलपट्टी ती झेलते आणि तिची पुन्हा वीज करते. आता लहर म्हणजे काय, तर एका जागी उभं राहून पाहिलंत तर तिथलं विद्युतक्षेत्र वरखाली होत असतं. विद्युतक्षेत्र म्हणजे त्या जागी विजेच्या कणाला बसणारा रेटा. झोपाळा कसा एकदा पुढे, एकदा मागे जातो, तसा हा रेटा एकदा या बाजूला, एकदा त्या बाजूला. झोपाळा मधल्या जागेपासून जास्तीत जास्त किती लांब जातो, त्याला आयाम म्हणतात. मी मोजते ती क्षेत्राची तीव्रता, म्हणजे हा रेटा जास्तीत जास्त किती होतो ते."

"आणि तो माझ्या यंत्राला काय करतो?"

"पेसमेकरची तार तुमच्या हृदयापर्यंत गेलीय. कुठलीही तार या लहरीला थोडीफार झेलतेच. त्यात आमचा खांब लहरीचा आयाम मुद्दाम मधूनमधून कमीजास्त करतो. घरातल्या झेलपट्ट्यांना हिशेब कळावा म्हणून, सेकंदाला एखाददा. क्षेत्र हलकं असेल तर पेसमेकरला त्याचा पत्ताही लागत नाही. पण फार वाढलं, तर त्या चढउतारालाच तो हृदयाचा ठोका समजेल. त्याला वाटेल, हृदय चाललंय. मग तो गप्प बसेल."

"आणि हृदय चाललेलं नसेल तर?"

मिथिलाने काचपट्टी त्याच्यापुढे धरली. "मीटरला वीस व्होल्टच्या आत असलं की तुमच्यासारख्यांना धोका नाही. हे बघा. खाटेवर चौदा."

"चौदा," शर्वरी दारातून म्हणाली. तिने सुटकेचा श्वास टाकला.

"खोली रोज अशीच असते ना, काकू? म्हणजे मोठं काही धातूचं सामान, कपाट वगैरे नसतं ना?"

"अशीच असते," शर्वरी म्हणाली. "मला पसारा खपतच नाही."

हेरंबने बायकोकडे पाहिलं. पाहुण्यादेखत बायकोला खोटं पाडायचं, असा तो माणूस नव्हता. तो मिशीतल्या मिशीत हसला आणि त्याने मिथिलासाठी चहा ठेवायला सांगितला.

बाहेर ओट्यावर जयवंत पोटफोडे वाट बघत होता. त्याची आई अनसूयाबाई, तिच्याही छातीत तसलंच यंत्र. "किती आलं?" त्याने विचारलं. चौदा ऐकल्यावर तो म्हणाला, "सुटलो बुवा."

त्याच्या जिवाला घोर लागला होता तो वेगळ्याच कारणाने. नियम असा होता की पेसमेकरवाल्या एखाद्या घरात क्षेत्र विसाच्या वर गेलं, तर खांबाचा आयाम उतरवावा लागणार. आणि इथे एक गोम आहे. लहर जी ऊर्जा वाहून आणते ती आयामाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. आयाम निम्मा केला तर वीज निम्मी होत नाही, पाव होते. पाव विजेवर दिवे लागतील, पंखे फिरतील. पण घासायच्या मोटरी आणि विजेच्या भट्ट्या काही चालणार नाहीत. तारांची वीज तर सरकार पावसाळ्यानंतर कायमची काढून घेणार होतं. म्हणजे दोन माणसांच्या छातीपायी अख्ख्या आळीचा धंदा बसला असता. असं तोंडावर कोणी बोलत नव्हतं. पण चौदा आलं आणि आळीने त्या संध्याकाळी पेढे वाटले, यावरून काय ते समजावं.

तांबं संध्याकाळपर्यंत आपापल्या भिंतींना परत टेकलं.

*

हवेतली लाईट आली आणि आळीचे दिवस पालटले, हे कबूल करायला हवं. तारा गेल्या, खांबावरचे जळके डबे गेले, वादळात दोन दोन दिवस अंधारात बसणं गेलं. भट्टी पाहिजे तिथे उचलून न्यावी आणि चालू करावी. मोठमोठी हॉटेलं, बंगलेवाले, परदेशातले लोक माल मागायला लागले. शर्वरीने स्वयंपाकघराला नव्या फरश्या बसवल्या. मूलबाळ नसलेलं घर, दोघांचाच संसार. तो एकदाचा रांगेला लागला असं तिला वाटलं.

हेरंबला पहिली घेरी आली ती खाटेवर बसून पायात चप्पल घालताना. तो पुढे झुकला तो तसाच जमिनीवर गेला. शर्वरीने त्याला ओढत दाराशी आणलं, पाणी मारलं, आणि त्याने डोळे उघडले. पुन्हा एकदा असं झालं. मग जिल्ह्याच्या गावी डॉक्टर शिंगोट्यांकडे नेलं. त्यांनी छातीवर यंत्र ठेवून पेसमेकरची आतली नोंद वाचली आणि कपाळाला आठ्या घातल्या.

"याने ठोके ऐकले म्हणतोय," ते म्हणाले, "आणि हृदय तर थांबलेलं होतं. घरातलं क्षेत्र परत मोजायला सांगा. तोवर यांना इथेच राहू द्या."

काय घडत होतं ते आळीत कोणालाच माहीत नव्हतं. तुम्हाला मात्र सांगून टाकतो. लपवाछपवी करून वाचकाला गुंगवण्यात मला रस नाही.

एक दोरी घ्या, तिचं टोक भिंतीतल्या खुंटीला पक्कं बांधा आणि दुसरं टोक हातात धरून झटके द्या. लहर खुंटीपर्यंत जाते, तिथे आपटते आणि उलटी होऊन परत येते. जाणारी लहर आणि येणारी लहर एकमेकींत मिसळतात. खुंटीपाशी दोरी हलतच नाही. पण खुंटीपासून थोड्या अंतरावर एक जागा अशी येते, की तिथे दोन्ही लहरी एकाच वेळी वर आणि एकाच वेळी खाली जातात. तिथे दोरी दुप्पट हेलकावते.

तांब्याचा पत्रा म्हणजे विद्युतचुंबकीय लहरीची खुंटी. पत्र्याच्या पृष्ठभागावर विद्युतक्षेत्र शून्य होतं, लहर उलटी फिरते, आणि लहरीच्या लांबीच्या चौथ्या हिश्शावर क्षेत्राचा आयाम दुप्पट होतो. खांबाची लहर तीन मीटर लांबीची होती, म्हणजे तिच्या एका उंचवट्यापासून पुढच्या उंचवट्यापर्यंत तीन मीटर. तिचा चौथा हिस्सा म्हणजे पाऊण मीटर. भिंतीला टेकवलेलं तांबं आणि खाट यांच्यात वडक्यांनी पिढ्यान् पिढ्या तेवढीच वाट ठेवली होती, मोठा हंडा कडेवर घेऊन माणूस जाऊ शकेल एवढी. वाटेपलीकडे खाटेच्या कडेशी हेरंब निजायचा. त्या दिवसांत भिंतीला पत्रे थोडे होते, मध्ये मध्ये फटी होत्या, म्हणून लहर अर्धीमुर्धी परतायची. चौदाचं दुप्पट व्हायचं नाही, पण विसाच्या वर निश्चित जायचं.

हे एवढं सोपं होतं. शाळेतल्या पोराला समजेल असं.

मिथिला दुसऱ्यांदा आली तेव्हा हेरंब जिल्ह्याच्या गावी होता. ती येणार हे आदल्या दिवशी कळवूनच आली, कारण न कळवता कोणाच्या घरात शिरणं तिच्या कंपनीच्या शिस्तीत बसत नव्हतं. शर्वरी काळजीने अर्धी झाली होती. पण आजारी माणसाच्या घराला साहेबाने नावं ठेवू नयेत, म्हणून तिने या वेळी आणखी निगुतीने आवरलं. जयवंत मदतीला आला. त्याने पत्रे आपल्या घरात नेले, आणि जाताना तो म्हणाला, "वहिनी, कपाटसुद्धा थोडं सरकवू का? बरं दिसेल."

मिथिलाने या वेळी खाटेच्या उशाशी, मधोमध, पायाशी, सगळीकडे दांडी धरली. सगळीकडे चौदाच्या आसपास.

"मग यांना होतंय काय?" शर्वरीने रडकुंडीला येऊन विचारलं.

"काकू, मला खरंच कळत नाही," मिथिला म्हणाली. "घर तर ठीक आहे."

डॉक्टरांनी पेसमेकर थोडा बहिरा केला. म्हणजे हलक्या सिग्नलला त्याने फसू नये, पंचविसापर्यंत तरी तग धरावा, असा. त्याहून बहिरा करणं त्यांना सुरक्षित वाटेना. हेरंबचं हृदय एरवी आपलं आपण चालायचं; यंत्राला ते ऐकूच आलं नाही आणि चालत्या हृदयाला वेळी-अवेळी टिचकी बसली, तर तेही जिवावर बेतलं असतं. "घरात चौदा, यंत्र पंचविसापर्यंत खंबीर," डॉक्टर म्हणाले. "निर्धास्त राहा."

*

निर्धास्त राहायला हेरंबचं शरीर तयार नव्हतं. पडवीत तो दिवसभर हातोडी चालवायचा आणि त्याला काही व्हायचं नाही, कारण तिथे तांब्याचे तुकडे गोल, वाकडे, विखुरलेले. त्यांच्यावरून लहर कशीही उधळायची आणि कुठे साठायची नाही. पण आत खाटेवर पडला की त्याला छातीत पोकळी झाल्यासारखं वाटायचं. एके दिवशी त्याने अंथरुणाची वळकटी काखेत मारली आणि तो पडवीत निजायला निघाला.

"हे काय?" शर्वरीने विचारलं.

"बाहेर बरं वाटतं."

"आणि लोकांना काय वाटेल? आधीच जयवंतभावजींची सून विचारत होती, काका-काकूंचं काही बिनसलंय का म्हणून."

"तिला म्हणावं, काकांचं काळीज बिनसलंय."

"थट्टा नका करू. दोनदा मोजलं. डॉक्टरांनी यंत्र ठीक केलं. मॅडम काय वेड्या आहेत का?" तिचा आवाज चढला. "खरं सांगा, तुम्हाला ही लाईट पहिल्यापासून नको होती. म्हणून मनाने घेतलंय तुमच्या."

हेरंब वळकटी घेऊन बाहेर गेला. खरं म्हणजे लाईट त्याला नको होती असंही नव्हतं. त्याला फक्त आपल्या जिवाचं म्हणणं मांडायचं होतं आणि त्याच्याकडे आकडा नव्हता. आकड्यापुढे माणसाने काय बोलावं? चार रात्री तो बाहेर निजला. आळीतल्या जाणाऱ्या-येणाऱ्याने चौकशी केली. शर्वरी त्या चार रात्री खोलीत एकटी, नवऱ्यावर चिडलेली आणि त्याच्याशिवाय झोप न येणारी.

मग बंगलोरच्या एका हॉटेलचं काम आलं. दालनाची आख्खी भिंत मठारलेल्या तांब्याने मढवायची होती. पुरुषभर उंचीचे सपाट, कोरे पत्रे आले. टेम्पोवाल्याने ते आत आणून भिंतीला एकाला एक भिडवून लावले. फट म्हणून राहिली नाही. खोलीत जणू दुसरा दिवस उगवला. शर्वरीला त्यात आपला चेहरा दिसला आणि इतक्या दिवसांनी ती हसली.

"एवढा माल आत, आणि तुम्ही बाहेर?" ती म्हणाली. "तुमच्या वडिलांना चाललं असतं?"

हे वर्मावर बोट होतं आणि तिला ते माहीत होतं. तिने स्वतःच त्याची वळकटी उचलली, आत आणली, खाटेवर पसरली, वरून हात फिरवून सुरकुत्या काढल्या. हेरंब तिच्या मागोमाग आत आला. नवऱ्याला परत आणलं या समाधानात तिने त्या दिवशी अळूची पातळ भाजी केली, त्याच्या आवडीचे शेंगदाणे घालून.

दुसऱ्या दिवशी दुपारी जेवण झाल्यावर तो जरा आडवा झाला. शर्वरी ओट्यावर गवार मोडत बसली होती. आतून काही आवाज आला नाही, हाक आली नाही. तासाभराने ती चहा घेऊन गेली. तो कुशीवर, पत्र्यांकडे तोंड करून निजला होता. तिने दोनदा "अहो" म्हटलं. मग खांद्याला हात लावला, आणि कप तिच्या हातातून सुटला.

पेसमेकर शाबूत होता. डॉक्टर शिंगोट्यांनी नंतर त्याची नोंद वाचली. शेवटपर्यंत तो हृदयाचे ठोके नियमित ऐकत होता आणि म्हणून गप्प होता.

*

सुतकाच्या घरी कोणी आधी कळवून जात नाही. आणि सुतकाच्या घरात कोणी पसारा आवरत नाही. माणूस गेला त्या जागी दिवा तेवत ठेवतात, बाया त्याच खोलीत सतरंजीवर बसतात, आणि वस्तू होत्या तिथेच राहतात; त्यांना हात लावायचं कोणाच्या मनात येत नाही.

मिथिला भेटायला आली ती अशीच, न सांगता. कंपनीने पाठवलं नव्हतं. बातमी कळल्यापासून तिला जेवण गोड लागत नव्हतं. जयवंतने तिला आतल्या खोलीत नेलं. शर्वरी खाटेच्या पायाशी भिंतीला टेकून बसली होती. मिथिला आत यायला वाकली आणि उंबऱ्यातच थबकली.

समोरची आख्खी भिंत तांब्याची होती. तिच्यात दिव्याची ज्योत दिसत होती, शर्वरी दिसत होती, आणि दारात उभी असलेली मिथिला स्वतः दिसत होती.

"हे कधी आलं?" तिने विचारलं.

"हे हॉटेलचं. पण तांबं तर कायमच असतं," शर्वरी म्हणाली. तिचे डोळे कोरडे, लाल. "उशाशी ठेवायची रीत आहे आमच्यात."

"मी आले तेव्हा नव्हतं."

"तुम्ही येणार म्हणून काढलं होतं ना."

मिथिलाने आपल्याशीच काहीतरी पुटपुटत आत येऊन पिशवीतून दांडी काढली आणि खाटेच्या कडेवर धरली, जिथे हेरंबची छाती असायची तिथे. तिने आकडा पाहिला आणि काचपट्टी खाली वळवून धरली.

"दाखवा," शर्वरी म्हणाली.

"काकू, नको."

"दाखवा म्हणते ना."

तिने मिथिलाच्या हातातून दांडी घेतली. पत्र्याला चिकटवून धरली. आकडा जवळजवळ शून्य. एक पाऊल मागे आली, आकडा चढला. खाटेच्या कडेशी आली. अठ्ठावीस. दिव्याच्या उजेडात ती काचपट्टी कितीतरी वेळ न्याहाळत उभी राहिली. खुंटी आणि दोरीचं जे मी तुम्हाला मघाशी सांगितलं ते मिथिलाने तिला रडत रडत सांगितलं. शर्वरी अडाणी नव्हती. तिला पहिल्याच वेळी समजलं.

"म्हणजे तुम्ही मोजलीत ती आमची खोलीच नव्हती," ती म्हणाली.

"चूक माझी आहे, काकू. तांबटांचं घर, आणि तांबं कुठे आहे हे मी नीट विचारलं नाही. आले तीही सांगून आले. मी कंपनीला तसं लिहून देणार आहे."

"द्या लिहून." शर्वरी खाटेवर बसली, त्याच्या जागेवर. "आणि ते बाहेर निजत होते ते? त्यांना तिथे बरं वाटत होतं. मी भांडून आत आणलं त्यांना. अंथरूण मी उचलून आणलं, माझ्या या हातांनी. ते काही बोलले नाहीत हो. नुसते मागोमाग आले." एवढं बोलून ती जी रडायला लागली ती तो गेल्यापासून पहिल्यांदा. मिथिलाने तिला धरलं. दारात उभा असलेला जयवंत पोटफोडे जमिनीकडे बघत राहिला आणि थोड्या वेळाने तिथून निघून गेला.

रडणं ओसरल्यावर शर्वरीने डोळे पुसले आणि विचारलं, "अनसूयाआजींकडे किती आलं होतं?"

"तेरा," मिथिला म्हणाली. आणि दोघींनी एकमेकींकडे पाहिलं.

सुतकातल्या बाईने दुसऱ्याच्या दाराशी जाऊ नये. शर्वरी डोक्यावर पदर न घेता, अनवाणी, दांडी हातात घेऊन निघाली आणि तिच्या मागे मिथिला. पोटफोड्यांचं दार लोटलेलं होतं. आतून पत्रे सरकवल्याचा आवाज येत होता. मागच्या दाराने कोणीतरी घाईघाईने काही बाहेर नेत होतं.

जयवंत दारात आला. घामाघूम झालेला. त्याने दार एका हाताने धरून ठेवलं.

"वहिनी, तुमचं दुःख मला कळतं. हेरंब माझ्या भावासारखा होता," तो म्हणाला. "पण आता उगाच आळीत काही पसरवू नका. आमच्या घरात तेरा आहे. आत्ता मोजा, तेराच येईल. खांब उतरवला तर तीस भट्ट्या विझतील. तुम्ही एकट्या आहात, तुमचं भागेल. आमची पोरं कुठे जातील?"

"आजी कुठे निजतात, जयवंतभावजी?"

"तेरा आहे म्हणून सांगितलं ना."

"तेरा आहेच. मघाशी किती होतं ते विचारतेय मी."

जयवंतच्या मागे, अंधाऱ्या माजघरात, अनसूयाबाई खाटेवर उठून बसली होती. "कोण आलंय रे?" तिने बारीक आवाजात विचारलं. "शर्वरी का? आत घे की तिला."

"काही नाही, आई. निज तू," जयवंत म्हणाला आणि दार ओढून घेऊ लागला.

शर्वरी पायरीवर बसली. आळीतली दोन-चार दारं उघडली, बायकांनी एकमेकींना खुणावलं. सुतकी बाई दुसऱ्याच्या उंबऱ्यावर बसलीय, हा अपशकुन आळीने कधी पाहिला नव्हता. जयवंतचा चेहरा पांढरा पडला.

"वहिनी, उठा. लोक बघताहेत."

"बघू दे," शर्वरी म्हणाली. तिने दांडी मांडीवर ठेवली आणि पाठ दाराच्या चौकटीला टेकवली. "तुमचं आवरून होऊ दे. मग सगळं परत लावा, रोज असतं तिथे. तोवर मी बसलेय."